वाचकांचे प्रश्न: पोलंडच्या पारंपरिक चवींची पायी सहल

क्राकुफ या पोलंडमधील जुन्या शहरात मी केलेल्या खाद्यसहलीविषयी मागच्या अंकात लिहिले होते. स्थानिक मार्गदर्शक आठ-दहा जणांचा गट बरोबर घेतो, तीन-साडेतीन तास शहरातून पायी हिंडवतो, बाजार, बेकरी, खानावळ, टपरी अशा पाच-सहा ठिकाणी थांबून तिथले पारंपरिक पदार्थ थोडे थोडे चाखायला देतो आणि प्रत्येक पदार्थामागची हकीकत सांगतो, असे या सहलीचे स्वरूप असते. त्या लेखावर आलेल्या पत्रांपैकी काहींना येथे उत्तरे देत आहे. बऱ्याच पत्रांतील प्रश्न सारखेच असल्यामुळे ते एकत्र केले आहेत.

प्रश्न: आमचा मुलगा क्राकुफमध्ये नोकरीला आहे आणि जूनमध्ये आम्ही दोघे तीन आठवडे त्याच्याकडे जाणार आहोत. तो म्हणतो, "आई, पैसे देऊन कशाला कुणाच्या मागे फिरायचे, मीच तुम्हाला सगळे खायला घालतो." अशा सहलीची खरोखर गरज आहे का? (एक वाचक भगिनी, सांगली)

आपल्या मुलाच्या आग्रहाचा मान राखून सांगते की ही सहल आपण अवश्य करावी, आणि तीही मुक्कामाच्या अखेरीस नव्हे, तर पहिल्या दोन-तीन दिवसांतच करावी. पोट भरणे हा तिचा हेतूच नसतो. पुढचे तीन आठवडे खानावळीतला फलक वाचता यावा, बाजारात कोणत्या बरणीपुढे थांबायचे हे कळावे आणि समोर आलेल्या ताटात काय आहे हे विचारता यावे, एवढी तयारी त्या तीन तासांत होते. नोकरी करणारी आपली मुले त्या शहरात वर्षानुवर्षे राहतात, पण दुपारी कार्यालयात जेवतात आणि संध्याकाळी घरी पोळी-भाजी करतात. ती आपल्याला चांगल्या उपाहारगृहात नेतील, परंतु मंडईतल्या कोणत्या आजीबाईंकडचे लोणचे घ्यावे हे त्यांना ठाऊक असतेच असे नाही.

एक उदाहरण सांगते. आमची सहल स्तारी क्लेपाझ या मंडईपासून सुरू झाली. जुन्या तटबंदीच्या उत्तरेला, बार्बिकन नावाच्या गोल बुरुजापासून चालत पाच-सात मिनिटांवर ही मंडई आहे. मार्गदर्शक बाईंनी सर्वांत आधी एक जुडी उचलून आमच्या हातात दिली. गाजर, पार्सलीचे पांढरे मूळ, सेलेरीचा कंद आणि लीकची पात असे सगळे एका दोऱ्याने बांधलेले होते. या जुडीला 'व्वोश्चिझ्ना' म्हणतात आणि त्या शब्दाचा अर्थ 'इटलीकडचे काहीबाही' असा होतो. १५१८ मध्ये राजा पहिला झिग्मुंट याच्याशी विवाह करून मिलानच्या स्फोर्झा घराण्यातील बोना पोलंडची राणी झाली आणि तिच्याबरोबर या भाज्या आल्या, अशी तिथली परंपरा सांगते. भाज्या तिच्या आधीपासून होत्या असे अभ्यासक म्हणतात, पण नाव मात्र टिकून राहिले. पोलंडमधील बहुतेक सूपांचा पाया ही जुडी आहे; आपल्याकडे भाजीवाली कोथिंबीर, मिरची आणि कढीलिंब एकत्र देते, तसेच हे समजावे. ती जुडी हातात धरून पाहिल्यावर पुढे चाखलेल्या प्रत्येक सुपात मला सेलेरीच्या कंदाचा तो मातकट, गोडसर वास ओळखू येऊ लागला.

त्यानंतर बाईंनी एका पिंपापुढे उभे केले. पिंपात काकड्या होत्या. त्या व्हिनेगरमध्ये घातलेल्या नव्हत्या, नुसत्या मिठाच्या पाण्यात होत्या, आणि त्यांच्याबरोबर लसणीच्या पाकळ्या, फुलावर आलेला शेपू आणि हॉर्सरॅडिश या झणझणीत मुळाची पाने घातलेली होती. दोन प्रकार चाखायला मिळाले. पहिला 'मावोसोल्ने', म्हणजे दोन-चार दिवसच मुरलेला, अजून हिरवागार आणि कुरकुरीत. दुसरा 'किशोने', म्हणजे कित्येक आठवडे आंबलेला, रंगाने शेवाळी आणि चवीला ताकासारखा आंबट. या दोन फोडी एकापाठोपाठ एक खाल्ल्या की पोलिश स्वयंपाकाचे निम्मे मर्म कळते असे माझे मत आहे. जिथे हिवाळा लांब आणि जमीन गोठलेली, तिथे कोबी, काकडी, बीट, राई या गव्हासारख्या धान्याचे पीठ असे सगळे आंबवून टिकवणे लोकांना भागच होते, आणि आज गरज उरली नसली तरी जिभेला लागलेली ती आंबट गोडी गेलेली नाही. आपण जूनमध्ये जात आहात, म्हणजे मावोसोल्ने काकड्यांच्या ऐन हंगामात जात आहात. स्ट्रॉबेरीही तेव्हाच बाजारात येते, आणि कोवळ्या बिटाच्या पाल्याचे, आंबट दूध घालून केलेले 'ख्वोद्निक' नावाचे गुलाबी थंड सूपही त्याच दिवसांत मिळते.

रस्त्यावर निळ्या गाड्यांवर विकले जाणारे 'ओब्वाझानेक' हे कडे आपल्याला सगळीकडे दिसेल. कणकेच्या दोन-तीन वळ्यांना एकमेकींभोवती पीळ देऊन त्याचे कडे करतात, ते आधी उकळत्या पाण्यातून काढतात आणि मग भाजतात. उकळत्या पाण्यातून काढण्याच्या त्या क्रियेवरूनच त्याचे नाव पडले आहे. १३९४ सालच्या राजदरबाराच्या हिशेबात, राणी याद्विगा हिच्यासाठी घेतलेल्या कड्यांच्या निमित्ताने, त्याचा उल्लेख सापडतो, आणि २०१० पासून युरोपीय संघाने त्याला भौगोलिक मानांकन दिलेले आहे. ते सकाळीच घ्यावे, दुपारनंतर ते चिवट होते.

सहल नोंदवताना एक पाहावे, की रविवार शक्यतो टाळावा. पोलंडमध्ये २०१८ पासून रविवारी दुकाने बंद ठेवण्याचा कायदा टप्प्याटप्प्याने लागू झाला आहे. उपाहारगृहे उघडी असतात, पण मंडईची शान आठवड्याच्या दिवशी, त्यातही शनिवारी सकाळी पाहावी. आणि मुलालाही बरोबर न्यावे, त्याला आवडेल.

प्रश्न: आम्ही शुद्ध शाकाहारी आहोत, अंडेही खात नाही. पोलंड म्हणजे सॉसेज आणि डुकराचे मांस असेच ऐकले आहे. आमच्यासारख्यांनी या सहलीला जाण्यात काही अर्थ आहे का? (एक वाचक, पुणे, याच आशयाची पत्रे नाशिक, ठाणे आणि बंगळुरू येथूनही आली आहेत)

अर्थ निश्चित आहे, मात्र तयारी हवी. आधी तयारीचे सांगते, कारण ती नसल्यामुळे काय होते हे मी डोळ्यांनी पाहिले आहे. आमच्या गटात बडोद्याच्या एक बाई होत्या. त्यांनी नोंदणी करताना केवळ 'व्हेजिटेरियन' एवढाच शब्द लिहिला होता. दुसऱ्या थांब्यावर 'झुरेक' हे सूप आले, तेव्हा खानावळीने त्यांच्या वाडग्यातील सॉसेजचे तुकडे काढून तेच सूप त्यांच्यापुढे ठेवले. देणाऱ्याच्या मनात काहीही खोट नव्हती, त्याच्या दृष्टीने मांस काढले की पदार्थ शाकाहारी झाला. बाईंनी पहिला घोट घेतला आणि वासावरून त्यांना कळले. पुढचे दोन तास त्यांनी पाण्याखेरीज काही घेतले नाही, आणि माझ्याही घशाखाली घास नीट उतरला नाही.

म्हणून नोंदणी करतानाच, किमान आठवडाभर आधी, आयोजकाला सविस्तर लिहावे. 'मिएन्सो' म्हणजे मांस. पण मासा तिकडे मांसात मोजत नाहीत, कारण कॅथलिक उपवासाला मासा चालतो, आणि त्यामुळे 'मांसाशिवाय' म्हटले की आनंदाने हेरिंग मासा पुढे केला जातो. म्हणून 'बेझ मिएन्सा' याच्या जोडीला 'बेझ रिबी', म्हणजे माशाशिवाय, आणि 'बेझ याएक', म्हणजे अंड्याशिवाय, असे तीनही शब्द लिहावेत. त्यानंतर 'बेझ स्मालत्सु' लिहावे. स्मालेत्स म्हणजे डुकराची चरबी. ती पावावर लावून काकडीबरोबर खातात, तिच्यात कांदा परततात, आणि पारंपरिक पॉन्च्की, म्हणजे गुलाबाच्या मुरंब्याचे सारण भरलेले तळलेले गोळे, तेही तिच्यात तळतात. सुपासाठी 'विवार वाझिव्नी', म्हणजे भाज्यांचे पाणी वापरले आहे का, असे विचारावे. थंड मिष्टान्नांत जिलेटिन असू शकते, आणि मेंढीच्या दुधाच्या चीजला वासराच्या पोटातील रेनेट, म्हणजे दूध घट्ट करणारा पाचकरस, लावलेला असतो, हेही ध्यानात असू द्यावे. हे सारे वाचून धीर सोडू नये. अनेक शहरांत आता केवळ शाकाहारी किंवा केवळ वनस्पतिजन्य पदार्थांची सहल वेगळी निघते, आणि वॉर्सा तर अशा उपाहारगृहांसाठी युरोपभर नावाजलेले आहे.

आता काय खावे याविषयी. पोलंडच्या खाद्यपरंपरेत मांसाइतकीच जुनी अशी उपवासाची परंपरा आहे, आणि ती आपल्या फार उपयोगाची आहे. शुक्रवार, ईस्टरपूर्वीचे चाळीस दिवस आणि नाताळची पूर्वसंध्या, असे मांस वर्ज्य करण्याचे दिवस शतकानुशतके पाळले गेल्यामुळे कोबी, अळिंबी, मटार, धान्य आणि खसखस यांचे पदार्थ तिथे तितक्याच मायेने घडले आहेत. २४ डिसेंबरला संध्याकाळी आकाशात पहिला तारा दिसला की 'विगिलिया'चे जेवण सुरू होते. त्यात बारा पदार्थ असावेत असा संकेत आहे आणि त्यात मांस नसते. कार्प मासा आणि हेरिंग सोडले तर उरलेले पदार्थ आपल्या ताटात सहज बसतील असे आहेत: आंबवलेल्या बिटाचे लालभडक 'बार्श्च' आणि त्यात सोडलेली अळिंबीच्या सारणाची इवलीशी 'उश्का', आंबट कोबी आणि सुक्या अळिंबीचे पिएरोगी, कोबी-मटार, सुक्या फळांचे 'कोंपोत', आणि पूर्वेकडच्या घरांत 'कुतिया'. कुतिया म्हणजे अख्खे गहू भिजवून शिजवायचे आणि त्यात वाटलेली खसखस, मध आणि अक्रोड घालायचे. पहिला चमचा तोंडात घातला तेव्हा मला सोलापूरकडची गव्हाची खीर आठवली, फक्त गुळाच्या जागी मध आणि खोबऱ्याच्या जागी खसखस होती.

पिएरोगीविषयी जरा सविस्तर सांगायला हवे, कारण प्रत्येक सहलीत ते असतातच. मैद्याची पारी लाटून वाटीने गोल कापतात, सारण भरून अर्धगोल दुमडतात आणि कडा बोटांनी चिमटत मुरड घालतात. दिसायला आपली करंजी, पण ती तळत नाहीत, पाण्यात उकडतात. वर तरंगू लागली की झाली. शाकाहारी माणसासाठी सर्वांत भरवशाचा प्रकार म्हणजे 'पिएरोगी रुस्किए'. बटाटा, 'त्वारुग' हे आंबूस, भुसभुशीत पनीर आणि परतलेला कांदा असे त्याचे सारण असते. नावावरून ते रशियाचे वाटतात, पण तसे नाही. आजच्या पश्चिम युक्रेनमधील रुथेनिया या जुन्या प्रांतावरून ते नाव आले आहे, आणि २०२२ मध्ये युक्रेनवर आक्रमण झाल्यानंतर कितीतरी खानावळींनी फलकावरचे नाव बदलून 'युक्रेनी पिएरोगी' असे केले. यात दोन ठिकाणी सावध राहावे. पारीत कुणी अंडे घालतात, कुणी नुसते गरम पाणी आणि तेल, ते विचारावे. आणि वाढताना वरून 'स्क्वार्की', म्हणजे चरबीचे कुरकुरीत तुकडे पेरतात, म्हणून 'बेझ स्क्वारेक, झ मास्वेम' असे सांगावे, म्हणजे चरबीऐवजी वितळलेले लोणी मिळते. उन्हाळ्यात स्ट्रॉबेरीचे किंवा जांभळ्या रानबेरीचे गोड पिएरोगी साईबरोबर देतात. ते चुकवू नयेत.

याखेरीज कुट्टूच्या दाण्यांचा भातासारखा मोकळा शिजवलेला 'काशा' आणि त्यावर अळिंबीचा रस्सा, शेपू पेरलेले नवे बटाटे, आंबवलेल्या कोबीची कोशिंबीर, खारवलेल्या काकड्या, राईचा पाव, ताक हे सारे आहेच. होय, ताक: 'माश्लान्का' म्हणजे तंतोतंत आपले ताक, आणि गरम बटाट्यांबरोबर ते पिण्याची तिथे रीत आहे. 'प्लात्स्की' हे बटाट्याच्या किसाचे थालीपीठ आणि 'नालेश्निकी' हे धिरड्यासारखे पातळ वेष्टन यांत मात्र बहुधा अंडे असते.

जाता जाता त्या झुरेकविषयी. राईचे पीठ पाण्यात कालवून चार-पाच दिवस आंबवत ठेवायचे, त्यात लसूण आणि तमालपत्र टाकायचे, आणि त्या आंबलेल्या पाण्याचे सूप करायचे. आपल्याकडे नाचणीच्या पिठाची आंबील करतात त्याचीच ही थंड मुलखातली बहीण. उपवासाच्या दिवसांत हेच सूप बिनमांसाचे होत असे, आणि चाळीस दिवस रोज तेच खाऊन कंटाळलेले लोक गुड फ्रायडेच्या सुमारास झुरेकचे मडके वाजतगाजत पुरत आणि हेरिंग मासा झाडाला टांगत, अशी खेड्यापाड्यांतून जुनी रीत होती. अळिंबी घालून केलेले शाकाहारी झुरेक आज सहज मिळते, आणि बडोद्याच्या त्या बाईंना ते त्या दिवशी मिळायला हवे होते असे मला अजूनही वाटते.

प्रश्न: मी सप्टेंबरपासून वॉर्सामध्ये शिकायला जात आहे. सहलीत 'दुधाचे बार' दाखवतात असे आपण लिहिले होते. ते काय असते आणि विद्यार्थ्याच्या खिशाला परवडते का? (एक विद्यार्थी, छत्रपती संभाजीनगर)

'बार म्लेच्नी' ही अतिशय साधी, स्वस्त खानावळ असते, आणि तिथे दारू मिळत नाही. १८९६ मध्ये वॉर्साच्या नोव्ही श्व्यात या रस्त्यावर स्तानिस्वाव द्वुझेव्स्की या जमीनदाराने अशी पहिली खानावळ काढली. त्याच्याकडे गाई होत्या, त्यामुळे दूध, पीठ आणि भाज्या यांचे पदार्थ तिथे मिळत, म्हणून हे नाव पडले. दुसऱ्या महायुद्धानंतर साम्यवादी राजवटीत सरकारने कामगारांसाठी अशा खानावळी देशभर चालवल्या. १९८१ ते १९८९ या काळात तर मांस शिधापत्रिकेवर मिळत होते, तेव्हा पोलंडचे पोट या खानावळींनी सांभाळले. आजही मांसविरहित पदार्थांसाठी त्यांना सरकारी अनुदान मिळते. त्यामुळे विद्यार्थी, निवृत्त शिक्षक, गवंडी आणि वकील असे सगळे दुपारी एकाच रांगेत उभे दिसतात.

तिथली रीत आधी समजून घ्यावी, म्हणजे गोंधळ होत नाही. भिंतीवरचा फलक वाचून आधी गल्ल्यावर पैसे भरायचे, मिळालेली चिठ्ठी स्वयंपाकघराच्या खिडकीत द्यायची, पदार्थाचे नाव पुकारले की आपला ट्रे उचलायचा, आणि जेवण झाल्यावर उष्टी भांडी दुसऱ्या खिडकीत नेऊन ठेवायची. फलक पोलिश भाषेतच असतो, पुकाराही पोलिशमध्येच होतो. मार्गदर्शकाबरोबर एकदा गेलात की दुसऱ्या दिवसापासून आपण एकटे जाऊ शकाल. 'लेनिवे' म्हणजे 'आळशी' नावाचे पिएरोगी अवश्य मागावेत. सारण भरण्याचे कष्ट नकोत म्हणून त्वारुग, पीठ आणि अंडे एकत्र मळून त्याचे तुकडे उकडतात आणि वर लोण्यात परतलेला पावाचा चुरा आणि साखर घालतात. घराची आठवण येईल अशा संध्याकाळी हा पदार्थ मोठा आधार देतो. परीक्षेच्या दिवसांसाठी त्याची चव आधीच घेऊन ठेवावी.

प्रश्न: माझी आजी वळिवड्याच्या छावणीतल्या पोलिश कुटुंबांकडे दूध घालत असे आणि त्यांच्या गोष्टी सांगत असे. पुढच्या वर्षी पोलंडला जाण्याचा योग आहे. त्या लोकांशी नाते सांगणारे काही खाता येईल का? (एक वाचक, कोल्हापूर)

आपले पत्र मी तीनदा वाचले. इतर वाचकांसाठी थोडी पार्श्वभूमी देते. १९३९ मध्ये पोलंडचे दोन लचके तोडले गेले. पश्चिम भाग जर्मनीने घेतला आणि पूर्व भाग सोव्हिएत संघाने. पूर्वेकडच्या लाखो पोलिश नागरिकांना १९४० आणि १९४१ मध्ये मालगाड्यांतून सैबेरिया आणि कझाकस्तानात नेण्यात आले. पुढे सुटका झाल्यावर त्यांतील काही इराणमार्गे भारतात पोहोचले. जामनगरचे जामसाहेब दिग्विजयसिंहजी यांनी बालाचडी येथे मुलांना आसरा दिला, आणि कोल्हापूरजवळ वळिवडे येथे १९४३ ते १९४८ या काळात सुमारे पाच हजार पोलिश निर्वासित राहिले. त्यांत बहुतांश स्त्रिया आणि मुले होती.

हे लोक ज्या मुलखातून आले तो मुलूख आज पोलंडमध्ये नाही. युद्धानंतर सीमा पश्चिमेकडे सरकल्या आणि तो भाग युक्रेन, बेलारूस आणि लिथुआनिया यांच्याकडे गेला. म्हणून आपल्या आजीच्या ओळखीच्या लोकांची चव शोधायची असेल, तर पोलिश लोक ज्याला 'क्रेसी', म्हणजे पूर्व सीमेचा मुलूख म्हणतात, तिथले पदार्थ मागावेत. वर सांगितलेले पिएरोगी रुस्किए आणि कुतिया हे त्याच मुलखाचे. ल्वूफ (आजचे युक्रेनमधील ल्विव्ह) या शहरातून उठवलेली पुष्कळ कुटुंबे युद्धानंतर पश्चिमेकडील व्रोत्सवाफ शहरात वसली आणि त्यांनी आपली भांडीकुंडी नेली तसे आपले पदार्थही नेले. शक्य असेल तर क्राकुफबरोबर व्रोत्सवाफची खाद्यसहलही करावी आणि मार्गदर्शकाला 'क्रेसीचे पदार्थ दाखवा' असे आधीच कळवावे.

वॉर्सामध्ये दुसऱ्या महायुद्धातील मोंते कासिनोच्या लढाईच्या स्मारकाशेजारी कोल्हापूरचे स्मारक आहे. २०१७ मध्ये ते उभारले गेले आणि ऑगस्ट २०२४ मध्ये भारताच्या पंतप्रधानांनी तिथे पुष्पचक्र वाहिले. जामसाहेबांच्या नावाचा 'भल्या महाराजांचा चौक'ही त्याच शहरात आहे. आपण गटात आपली ओळख करून देताना कोल्हापूरचे नाव जरूर सांगावे. माझ्या सहलीत मी केवळ 'महाराष्ट्र' म्हटले, तर मार्गदर्शक बाईंनीच 'कोल्हापूर?' असे विचारले आणि चालता चालता त्या थांबल्या.

प्रश्न: माझे वय ६७, गुडघे दुखतात आणि मधुमेह आहे. शिवाय मी मद्य घेत नाही. या सहलीत व्होडका असतेच का? (एक वाचक, रत्नागिरी)

चालणे एकूण दोन-तीन किलोमीटरांचे असते आणि मध्ये बसायला मिळते, पण जुन्या शहरातील रस्ते दगडी गोट्यांचे आहेत, म्हणून जाड तळव्याचे बूट हवेत. कोणत्या थांब्यांवर बसण्याची सोय आहे हे आधी विचारावे, कारण मंडईत आणि टपऱ्यांवर उभ्यानेच खावे लागते. मधुमेहाच्या दृष्टीने लक्षात ठेवण्याची गोष्ट ही, की पाव, बटाटा आणि मैदा यांचे घास तीन तास एकामागून एक येत राहतात. गोळ्यांच्या आणि इन्सुलिनच्या वेळा निघण्यापूर्वी डॉक्टरांकडून ठरवून घ्याव्यात.

व्होडका पुष्कळ सहलींत असते आणि ती थंडगार, पाणी न मिसळता, हेरिंग किंवा खारवलेल्या काकडीबरोबर घेतात. नकार देण्यात काहीही अवघड नाही. 'निये पिये', म्हणजे 'मी पीत नाही', एवढे म्हणावे. कुणी आग्रह करत नाही, आणि त्याऐवजी कोंपोत देतात. हातात पेला असू द्यावा आणि सगळ्यांबरोबर 'ना झ्द्रोविये' म्हणावे.

प्रश्न: क्राकुफच्या चौकात भाजलेले 'ओस्त्सिपेक' चीज खाल्ले आणि दोन नग घरी आणले. आता एकजण म्हणतात की ते खरे नव्हतेच. खरे कसे ओळखायचे? (एक वाचक, मडगाव)

आपण कोणत्या महिन्यात गेला होता हे पत्रात लिहिलेले नाही, पण उत्तर बरेचसे त्यावरच ठरते. ओस्त्सिपेक हे तात्रा पर्वताच्या पायथ्याशी असलेल्या पोधाले भागातील मेंढपाळांचे धुरावलेले चीज आहे, आणि २००८ पासून त्याला युरोपीय संघाचे संरक्षण आहे. नियमाप्रमाणे त्यात किमान साठ टक्के दूध मेंढीचे असले पाहिजे. मेंढ्या मे ते सप्टेंबर या काळातच डोंगरावर चरतात आणि दूध देतात, म्हणून खरे ओस्त्सिपेक त्याच महिन्यांत बनते. आकार दोन्ही टोकांना निमुळता, सूतकताईच्या चातीसारखा. लांबी सतरा ते तेवीस सेंटीमीटर, वजन सहाशे ते आठशे ग्रॅम, आणि अंगावर लाकडी साच्याची नक्षी उठलेली असते. हिवाळ्यात गाड्यांवर जे लहान, पिवळे नग मिळतात ते बहुधा गाईच्या दुधाचे असतात. भाजून, वर क्रॅनबेरीचा मुरंबा घातला की तेही चविष्ट लागतात, त्यात फसवणूक मानण्याचे कारण नाही. मात्र विकणाऱ्याने त्याला ओस्त्सिपेक म्हणू नये.

घरी आणलेला नग चिरून पाहावा. दातांखाली किंचित करकरला, चव खारट आणि धुराची असली, आणि मागे मेंढीच्या दुधाचा तो उग्रसर वास राहिला, तर आपण नशीबवान आहात. फ्रिजमध्ये प्लॅस्टिकमध्ये गुंडाळून ठेवू नये, त्याला घाम सुटतो. सुती कापडात ठेवावे आणि जाडसर चकत्या करून बिनतेलाच्या तव्यावर दोन्ही बाजू सोनेरी होईपर्यंत भाजाव्यात. क्रॅनबेरी मिळाली नाही तर गोव्याकडच्या कोकमाचा आणि गुळाचा घट्ट पाक करून वर घालावा. मी तो प्रयोग घरी केला आहे. चीजच्या खारटपणाला कोकमाचा आंबटपणा क्रॅनबेरीइतकाच चांगला पेलतो.